आंबिलीच्या पिठाचं सूप

बालाघाट,
श्रावण संपत आलाय

प्रिय इरा,

काल मी आपल्या स्वयंपाकघरात हॉट अँड सॉर सूप केलं. भर चातुर्मासात, लसूण घालून, आणि तुझ्या वारासिवनीच्या आत्या बाहेरच्या खोलीत बसलेल्या असताना. हे वाचून तू आधी हसशील आणि मग काळजीनं विचारशील, आई, बरी आहेस ना? बरी आहे. कित्येक दिवसांत इतकी बरी नव्हते.

हे खूळ तुझ्यामुळेच डोक्यात शिरलं. सासर सोडून तू नागपुरात खोली घेतलीस, त्या संध्याकाळी फोनवर म्हणाली होतीस की आज सूप केलं आणि वाटी नव्हती म्हणून पातेल्यातूनच प्यायले. मी गप्प झाले, तर तुला वाटलं आईला वाईट वाटलं. वाईट कसलं? हेवा वाटला मला तुझा. लग्न होऊन या घरात आल्यापासून मी कुणाला पथ्याचं, कुणाला उपासाचं, कुणाला डब्याचं करत आले, पण मला अमुक खावंसं वाटतंय म्हणून पातेलं चढवल्याचं आठवत नाही. तुझ्या कॉलेजच्या दिवसांत काली पुतली चौकातल्या गाडीवर आपण दोघी सूप प्यायचो, तेवढीच काय ती माझी चैन. ओळखीचं कुणी दिसलं की मी डोक्यावरून पदर घ्यायची आणि घरी आल्यावर बाबांना तू ठणकावून सांगायचीस की देवळात गेलो होतो. देवळातून येताना नाकं लाल कशी होतात, हे त्या भल्या माणसानं कधी विचारलं नाही.

आता आत्यांचं सांगते. तुला आमंत्रण जाऊ नये म्हणून त्या मुद्दाम आल्या होत्या. भाद्रपदातल्या महालक्ष्म्यांना जेवायला दोन सवाष्णी कोण बोलवायच्या, हे त्यांनी परस्पर ठरवलं, आणि वर मला ऐकवलं की नवऱ्याचं घर सोडलेली पोर सवाष्णीच्या पाटावर बसली तर घराला दोष लागतो, इराला यंदा येऊच देऊ नका. बाबांनी पेपर खाली ठेवला नाही, पण त्याच संध्याकाळी तुला फोन लावला. "यंदा राहू दे बेटा, पुढच्या वर्षी बघू." फोन स्पीकरवर होता. तू "बरं बाबा" म्हणालीस, तेही मी ऐकलं. भांडली असतीस तर मी निवांत झोपले असते. त्या "बरं"नं माझं डोकं फिरलं. मी तुला "बरं" म्हणायला शिकवलंय, याचा मला इतका राग आला की दुसऱ्या दिवशी सकाळीच पिशवी उचलून दुलीचंदच्या दुकानात गेले.

दुलीचंद माझ्याकडे बघतच राहिला. "काकू, घर में चायनीज? हौ, सोया सॉस हाये, सिरका बी हाये, पर कॉर्नफ्लोअर खतम झालं." म्हटलं, सॉस, व्हिनेगर, जे आहे ते दे. घरी येऊन आलं-लसूण बारीक चिरलं, कोबी, गाजर, फरसबीच्या शेंगा चिरल्या, मिरं कुटलं. लसूण तेलात पडताच बाहेरून आत्यांचा खोकला सुरू झाला. भांडी घासायला आलेली मैनाबाई दारात थबकली. "काहून जी बाई, चातुर्मासात लसून? आत्याबाई आल्या हायेत नं?" मी म्हटलं, आल्या आहेत म्हणूनच. ती खुदकन हसली आणि मग हळूच म्हणाली, "इराताई येऊन राह्यली का जी महालक्ष्मीले?" या घरात एवढं साधं विचारणारी ती एकटीच निघाली.

सूप काही केल्या दाट होईना. तुमचं ते कॉर्नफ्लोअर नव्हतं, मग हात आपोआप वरच्या फळीवर गेला आणि डब्यातलं ज्वारीचं पीठ पाण्यात कालवून मी पातेल्यात ओतलं. ओतल्यावर लक्षात आलं की ते महालक्ष्म्यांच्या आंबिलीसाठी सोवळ्यात दळून ठेवलेलं पीठ होतं. मग म्हटलं, त्यांच्याच नावाचं आहे, लेकीच्या सुपाला लागलं तर त्यांना का राग यावा? वर सवयीनं मोहरीची फोडणीही दिली. तू असतीस तर डोक्याला हात लावला असतास.

आत्या पदर नाकाला लावून अंगणात जाऊन बसल्या. जेवताना बाबांनी ते सूप भातावर घेतलं आणि म्हणाले, आंबील छान झालीय, पण आज तिखट कशी? मी सरळ सांगितलं की ही आंबील नाही, इराचं सूप आहे आणि यात लसूण आहे. मग आत्यांना ऐकू जाईल अशा आवाजात मी पुढचंही बोलून घेतलं. ज्येष्ठा आणि कनिष्ठा, दोघी महालक्ष्म्या दरवर्षी माहेरी येतात, त्या नवऱ्याशिवायच येतात. त्यांना आजवर कुणी दारात अडवून नवरा कुठाय म्हणून विचारलं नाही. उलट आपण पावलं काढतो, वाजतगाजत आत आणतो, सोळा भाज्या करून वाढतो. मग माझ्या पोटची पोर आली तर तिलाच दोष? त्यावर आत्यांचा खोकला थांबला. बाबांनी खाली मान घालून भात दुसऱ्यांदा घेतला. मी त्यांची परवानगी मागितलेली नाही, फक्त कळवलं आहे.

फोनवर सांगितलं असतं तर तू "बघू" म्हणून टाळलं असतंस, आणि फोनमधून अक्षता पाठवता येत नाहीत. आपल्या घरी जेवणाऱ्या सवाष्णीला कुंकवाच्या अक्षता देऊन बोलवायची पद्धत आहे, तुला ठाऊकच आहे. पाकिटात कागदाची एक पुडी आहे, जपून उघड. आपल्याच चिन्नोर तांदळाच्या आहेत, सकाळी अंघोळ करून मीच माखल्या. दोन पाटांपैकी एक तुझा आहे. तू त्यावर बसेपर्यंत मी नैवेद्याचं ताट वाढणार नाही, मग महालक्ष्म्या ताटकळोत नाहीतर सगळं वारासिवनी. आणि येताना कॉर्नफ्लोअरचा पुडा आण, महालक्ष्म्यांची पाठवणी झाली की त्या संध्याकाळी सूप करायचं आहे.

तुझीच, आणि आता कुणाचंही न ऐकणारी,
आई