पंगतीतला दहीभात

रविवार, संध्याकाळ. बेसा.

पुतणीच्या लग्नाला जाऊ नको, असंच घरात सगळ्यांचं मत होतं. मोठं आतडं काढल्यावर डॉक्टरांनी लहान आतड्याची जी पिशवी करून दिली, तिलाच आता सूज आलीय. गोळ्या चालू आहेत, तरी सारखं संडासला धावावं लागतं. पण गेले. डब्यात दहीभात घेऊन गेले.

पंगतीत डबा उघडला, तर शेजारी बसलेल्या कळमेश्वरच्या आत्येसासूबाई सगळ्यांदेखत म्हणाल्या, "काहून वं, आमचं अन्न चालत नाही का तुले? त्या गोळ्या सोड, ही वांग्याची भाजी खा चांगली तिखट."

एरवी मी हसून गप्प बसते. आज नाही बसले. "वांग्याची भाजी मलेही आवडते, आत्याबाई. पण सूज उतरेपर्यंत दहीभातच खाईन, अन् गोळ्या डॉक्टर म्हणतील तेव्हाच सोडीन. तुमच्या म्हणण्यावरून नाही."

उद्धट झालं का? झालं असेल. माझं पोट दुखतं तेव्हा त्यांची कुणाची झोप मोडत नाही.

मग वाढणाऱ्याला मोठ्यानं विचारलं, संडास कुठं आहे. माना वळल्या. वळू दे. जाऊन आले आणि पुन्हा आत्याबाईंच्याच शेजारी बसून उरलेला भात सावकाश संपवला.