अकरा डोकी

मंगळवार, नऊ तारीख

प्रिय ताई,

तुझं पत्र परवाच मिळालं. इकडे सगळं ठीक. गुडघा अजून कुरकुरतोय, म्हणून लोकांना डोंगरावर नेण्याचं काम सध्या बंद आहे. मुलं भावोजींना ‘वेंधळे’ म्हणतात, आणि पुन्हा हरवायला नको म्हणून तू त्यांचे बूट माळ्यावर टाकलेस, हे वाचून हसले. मग हसू येईना.

खरं सांगते. गुडघ्याला काही झालेलं नाही. तीन महिने मी फाटकाबाहेर पडलेले नाही. रोज सकाळी बूट चढवते, शिट्टी गळ्यात घालते, कडीला हात लावते. बाहेर लख्ख ऊन असतं. शेजारचे काका ओरडतात, “काय, निघाली का स्वारी?” आणि मला समोर नुसतं धुकं दिसतं. “गुडघा हो काका,” म्हणून परत फिरते.

वाटाड्यानं स्वतःला मोजायचं नसतं, हा आमच्या कामातला पहिला धडा. भावोजी हरवले त्या दिवशी माझ्याबरोबर, त्यांना धरून, अकरा जण होते. खिंडीत धुकं उतरलं, सगळे कुडकुडत गोल करून उभे राहिले. मी घाईत डोकी मोजली, ती स्वतःपासूनच. अकरा भरली. निघालो. भावोजी मागे दगडावर बसून बुटातला खडा काढत होते गं!

खाली पायथ्याशी थांबलेली तू विचारलंस, “हे कुठे राहिले?” आणि मी मेली म्हणाले, “रेंगाळले असतील, ऐकतात कुठे?”

चार तासांनी सापडले, तेव्हा मी शिट्टी फुंकत धावत होते आणि ते मजेत शीळ घालत होते. “काय शांत होतं गं! जन्मात इतकं छान वाटलं नव्हतं.” तोच दगड, तेच धुकं. त्यांच्यावर त्यानं मायेनं पांघरूण घातलं, मला गिळलं. मग हळूच म्हणाले, “स्वतःला मोजलंस ना? बोलू नकोस, काम जाईल तुझं. मी वेंधळा ठरलो तर काय बिघडतं?”

बिघडलंय, ताई. तू त्यांना घरात डांबलंस आणि मी मला.

आज कामावरच्या साहेबांनाही सगळं लिहून टाकलंय. काम जायचं तर जाऊ दे. तू हवं तेवढं रागाव, बोलू नकोस हवं तर. पण त्यांचे बूट माळ्यावरून काढ. आणि फिरायला निघाले की त्यांना सांग, माझ्या फाटकाची कडी बाहेरूनही निघते.

फाटकाच्या आतून,
तुझी धाकटी