दुकान चालू आहे

१२ मार्च, दुपार

अहो,

सप्रेम नमस्कार. आम्ही सासू-सुना खुशाल. हे पत्र वकीलसाहेबांच्या फायलीतून येतंय, तुरुंगातलं कोणी ते फोडणार नाही, म्हणून मोकळेपणाने लिहिते.

सायकलचं दुकान चालू आहे. मी चालवते! ट्यूब पाण्यात धरून बुडबुडे शोधते, घासून ठिगळ लावते. आई स्टुलावर बसून पाना देतात, बहुतेक वेळा चुकीचा. वाकडं चाक सरळ करणं मात्र अजून जमत नाही. परवा शाळेच्या हेडबाईंची सायकल दुरुस्त केली, ती आता झोकांड्या खाते. बाई हसून म्हणाल्या, "राहू दे गं, मलाही सरळ चालायचा कंटाळा आलाय."

संपाच्या सभेत बोललात म्हणून तुम्हाला नेलं, तेव्हा गल्लीत कोणी आमच्याकडे मान वर करून बघत नव्हतं. आता गिऱ्हाईक वाढलंय. चारपेक्षा जास्त माणसांनी जमायचं नाही असा हुकूम आहे, पण पंक्चरवाल्यांच्या रांगेला सभा कोण म्हणणार? पोस्टमनभाऊ तर कोपऱ्यावर स्वतःच चाकातली हवा सोडतात आणि सायकल ढकलत येतात. "वहिनी, काही कळलं का त्यांचं?" एवढंच विचारायला.

इतकं लिहिलं, पण मुख्य गोष्ट टाळतेय हे तुम्ही ओळखलंच असेल.

मंगळवारी एक अधिकारी आले होते, छापील माफीपत्र घेऊन. "सही करा म्हणून तुम्हीच लिहा त्यांना. शनिवारी घरी येतील."

मी लिहिलं. खरंच लिहिलं हो. सात महिने झाले, कपडे वाळत घालताना दोरीवर तुमच्या शर्टाची जागा रिकामी राहते. आईंना वाचून दाखवलं.  त्या म्हणाल्या, "पाठव. नवरा आहे तुझा. फक्त 'आईंचीही हीच इच्छा' ही ओळ खोड."

ती खोडली, आणि उरलेलं पत्र मलाच परकं वाटायला लागलं. फाडून टाकलं.

सहीचं तुमचं तुम्ही ठरवा. केलीत तर घर तुमचंच आहे, कोणाला एक शब्द बोलू देणार नाही मी. पण आमच्यासाठी म्हणून करू नका. आमचं काही अडलेलं नाही. खोटं सांगत नाही, बरी आहे मी, कधीकधी चक्क मजेत असते.

तुमची वाट बघणारी, तरी दुकान वेळेवर उघडणारी,
तुमचीच