दगडाची तीट

४ ऑक्टोबर

तीर्थरूप बाबांना,
शि. सा. न. वि. वि.

आईचा गुडघा कसा आहे? मी बरी आहे, पण माझ्या देखरेखीखाली बांधलेली वाचनालयाची भिंत बरी नाही. आपल्या खाणीतला चुनखडीचा दगड, सकाळच्या उन्हात सायीसारखा दिसणारा, पावसाळा संपताच त्याचे पापुद्रे सुटायला लागलेत. साहेब म्हणतात, महिनाअखेरीस दगड रद्द करून फरशी लावू. मग खाणीतल्या सगळ्यांनी करायचं काय? या खेपेला माल हलका तर नाही ना आला? रागावू नका. तुम्ही प्रत्येक दगडाला काळी तीट लावता, तीसुद्धा मी गवंड्यांना मागच्या बाजूला करायला लावली होती, लोक हसतील म्हणून. तरी दृष्ट लागलीच.

उत्तराकडे डोळे लागलेत.
तुमची ठमी

११ ऑक्टोबर

चि. ठमीस,
अनेक आशीर्वाद.

गुडघा कुरकुरतो, पण तुझ्या आईपेक्षा कमी.

अगं शहाणे, तीट आम्ही थट्टेनं म्हणतो. तो ठिपका म्हणजे दगडाची वरची बाजू. जमिनीत जसा निजला होता तसाच तो भिंतीत निजवायचा. आपला दगड वहीसारखा, पानावर पान. आडव्या वहीवर माणूस उभा राहील. वही उभी केलीस की पानं सुटणारच. ठिपका मागे करून तू सगळे दगड उभे केलेस. आता काढ आणि ठिपका वर ठेवून बसव. माल खणखणीत आहे, एकेक वाजवून पाठवलाय. साहेबांना सांग, म्हाताऱ्यानं खूण नीट समजावली नाही. माझं काय जातंय? तुझी नोकरी नवी आहे.

वेळेवर जेवत जा. लोभ आहेच, तो वेगळा काय लिहू.
बाबा

२० नोव्हेंबर

तीर्थरूप बाबांना,
शि. सा. न. वि. वि.

तुम्ही शिकवलेलं खोटं मी बोलले नाही. चूक माझी, दगडाची नाही, असं साहेबांना सांगितलं. एका हट्टी गवंड्यानं कोपऱ्यातले दगड माझं न ऐकता ठिपका वर ठेवूनच बसवले होते. ते जसेच्या तसे निघाले. साहेबांनी ते स्वतः हातोडीनं ठोकून पाहिले आणि फरशीचा विषय संपवला. माझी देखरेख काढून घेतली. आता महिनाभर मी त्याच गवंड्याच्या हाताखाली आहे आणि भिंत नव्यानं चढते आहे. काय देखणा दगड आहे हो आपला!

ठिपक्याचा अर्थ खाणीतूनच कळला म्हटल्यावर साहेबांनी विचारलं, दगड इतका ओळखणारा हा माणूस कोण? नोकरी लागल्यापासून तुम्ही काय करता ते मी इथे कुणालाच सांगितलं नव्हतं. परवा भरल्या ऑफिसात सांगितलं, पाथरवट आहेत, माझे बाबा आहेत.

माया अशीच राहू द्या.
तुमची ठमी