फुलदाणीजवळची भांडणं

हॅरो, लंडन,
एप्रिल २००४

प्रिय मधू,

तुझं पत्र पोचलं. पुण्याचा उकाडा, शिल्पाच्या बाळाचं बारसं, तुझे गुडघे, सगळं सविस्तर आहे. उन्हाळ्यात इकडे येणार की नाही, तेवढंच शिताफीनं टाळलं आहेस. असो. आधी माझी बातमी ऐक. मी सध्या सिनेमात काम करते आहे! हसू नकोस.

शेजारच्या ग्रेटाबाई तुला माझ्या फोनमधून माहीत आहेत. पंच्याण्णव वर्षांच्या, माझ्या साबुदाण्याच्या खिचडीवर साखर भुरभुरवून खाणाऱ्या. इतकी वर्षं मी त्यांना साध्या रिटायर्ड टायपिस्ट समजत होते. तर बाई तरुणपणी बर्लिनमध्ये पटकथा लिहायच्या, तेही बोलपट नुकते आले होते तेव्हा! त्या आणि त्यांची मैत्रीण हिल्डा, दोघी मिळून. हिल्डा नायिकेची वाक्यं लिहायची, ग्रेटाबाई बाकी सगळ्यांची. सेटवर मायक्रोफोन फुलदाणीत लपवलेला असायचा. नट जरा लांब गेला की आवाज गायब. म्हणून या दोघी प्रत्येक भांडण आणि प्रत्येक लग्नाची मागणी फुलदाणीजवळच घडवून आणायच्या. एकच सिनेमा त्याच सेटवर सकाळी जर्मन नट करायचे, दुपारी फ्रेंच. नाव व्हायला लागलं आणि नाझी आले. दोघी ज्यू. ग्रेटाबाई लंडनला निघून आल्या, हिल्डा मागे राहिली. इथे इंग्रजीत त्यांना विनोद जमेना, मग टायपिंग धरलं.

गेल्या महिन्यात एका जर्मन अभ्यासकानं त्यांच्या सिनेमाची डीव्हीडी पाठवली. पण ती निघाली फ्रेंच. जर्मन प्रत आता कुठेच नाही म्हणे. मला वाटलं, बाई खट्टू होतील. छे! त्यांनी टीव्हीचा आवाज बंद केला आणि आपली जर्मन वाक्यं स्वतःच म्हणायला लागल्या. तापट बाप, नोकर, पोलीस, सगळे. मला एक अक्षर कळत नव्हतं, तरी हसून हसून पोट दुखलं. नायिका आली की मात्र त्या गप्प. आता ती वाक्यं त्यांनी माझ्याकडून घोकून घेतली आहेत. दर रविवारी आमचा प्रयोग असतो आणि माझे उच्चार ऐकून बाई कपाळाला हात लावतात. शशी गेला, आमचा दोघांचा संसार संपला, तेव्हापासून मी एवढी हसले नव्हते.

परवा मी विचारलं, हिल्डा का आली नाही? त्या म्हणाल्या, मी तिला लिहीत होते की इथे काम मिळेल, हवा बरी आहे, तुझ्याच भल्याचं आहे. हिल्डानं कळवलं की माझं बरं चाललंय, तुझ्यावर भार कशाला? ती युद्धात मारली गेली. तिच्यावाचून आपल्याला एक पानही लिहिता येत नाही, हे मात्र ग्रेटाबाईंनी एकाही पत्रात लिहिलं नव्हतं. मानी होत्या.

मधू, तुला आजवर मी काय लिहीत आले? बाग फुलली आहे, हवा छान आहे, तुला बदल होईल. आणि तू फोनवर म्हणतेस, उगाच तुला त्रास. हवा राहू दे बाजूला. माझं इथे खरंच छान चाललंय, पण दिवसभराचं सांगायला घरात माणूस नाही, आणि ते माणूस मला तूच हवी आहेस. तुझ्या भल्यासाठी नाही, माझ्यासाठी ये. गुडघे इथेही दुखतीलच. दुखू देत.

तुझीच,
अनू