टँकरच होता

प्रिय कैलास,

फोन लावून लावून बोट दुखलं. दर वेळी सोनिया उचलते आणि म्हणते, ताई, हे गाडीवर गेलेत. रविवारी पण गाडीवर? तुझ्या बायकोला खोटं नीट बोलायला तरी शिकव. म्हणून लिहितेय. तिसरी शिकलेली बाई मी, अक्षरं वाकडी आहेत, पण पूर्ण वाच.

पायाचं सांगते. आतला रॉड सरकलाय. डॉक्टर म्हणतो दुसरं ऑपरेशन करा, नाहीतर जन्मभर कुबडी. उल्हासनगरात जीन्सचे धागे कापायला दिवसभर खाली बसावं लागतं, आणि मला आता मांडीच घालता येत नाही. शेठ थोडे दिवस थांबला, मग माझ्या जागेवर दुसरी बसवली. आता अपघाताची भरपाई मिळाली तर ऑपरेशन, नाहीतर नाही. माझ्या लेकीच्या, किर्तीच्या पगारात घरभाडं निघतं तेच खूप.

ही भरपाई मिळवून देणारा सुदाम तुला माहीतच आहे. मला नव्हता. माझं प्लास्टर अजून ओलं होतं तेव्हा हा वकिलाचा माणूस हातात शहाळं आणि काखेत फाइल घेऊन खाटेपाशी हजर. माझं नाव कोणी दिलं विचारलं तर नुसता हसला. म्हणाला, मावशी, अंगठा द्या, बाकी आमच्यावर सोडा. मी म्हटलं, अंगठा तुझ्या आईचा घे, मला सही येते. पण केल्या रे सह्या, इंग्रजी कागदांवर, दोन-तीन कोऱ्यांवर पण. पाय ठणकत होता. तेव्हापासून त्याच्यावर डोळा ठेवून होते. वाटायचं, हा मेला अर्धं खाणार. घरातल्या माणसाचा संशय डोक्यात आलाच नाही.

त्या दिवशीचं मला सगळं आठवतं. अंबरनाथच्या पुढे रिक्षातून उतरून रस्ता ओलांडत होते. धडक बसून पडले आणि अंगावर गार पाणी सांडलं. मे महिना, आभाळात ढग नाही. पाण्याचा टँकर होता, निळा, मागचा नळ गळत होता. नंबर दिसला नाही, तो थांबलाही नाही. हे मी सगळ्यात आधी तुलाच सांगितलं. तू खाटेवर बसून मोसंबी सोलत होतास. मी विचारलं, सापडेल का रे तो टँकर? तू म्हणालास, सापडेल ताई, आणि कान चोळलास. मला वाटलं मोसंबीचा रस उडाला असेल.

लहानपणी वांगणीला विष्णुपंतांच्या कैऱ्या पाडल्यास तेव्हा पण असाच कान चोळत उभा होतास, मी नाही, मी नाही करत. मार मी खाल्ला.

परवा सुदाम घरी आला. मला शिकवायला लागला, मंगळवारी कोर्टात टेम्पो म्हणायचं, मावशी, टँकर शब्द तोंडातून काढायचा नाही. म्हटलं, कुठला टेम्पो? त्याने कागद पुढे केला. इंग्रजी मला येत नाही, पण आकडे येतात. वीस वर्षं जीन्सच्या गठ्ठ्यांवर खडूने नंबर टाकलेत. बेचाळीस सतरा. तू टेम्पो घेतलास तेव्हा याच नंबराच्या पाटीला मी हळदकुंकू लावलं होतं, चाकाखाली लिंबू ठेवलं होतं. बेरीज पाच येते, शुभ आहे, म्हणून तू पेढे वाटत होतास. खाली ड्रायव्हर म्हणून तुझी सही. ती पण ओळखते, मीच पाटीवर गिरवून घेतली होती.

सुदामला लाजबीज नाही. म्हणाला, टँकर सापडला नाही, विमा असलेली गाडी लागते, गाडीवाला तयार झाला, त्याचं त्याला मिळेल. तो माझा सख्खा भाऊ आहे म्हटलं, तर म्हणतो, तुमचं सासरचं आडनाव वेगळं, कोणाला कळतंय? मी कुबडी उचलली तेव्हा निघाला.

दोन रात्री विचार केला. ताईचा पाय वाचावा म्हणून केलंस, की सुदामकडून घेतलेस? माझ्यासाठी होतं तर मला का नाही विचारलंस? आणि फोन का उचलत नाहीस?

आता ऐक, याच्यासाठी पत्र लिहितेय. मंगळवारी मी कोर्टात टँकरच म्हणणार. ऑपरेशनचं काय व्हायचं ते होईल, पण सख्ख्या भावाने माझ्या पायावरून गाडी नेली असं मी शपथेवर बोलणार नाही. कोऱ्या कागदावर सह्या केल्या ते पण सांगणार. मग तुला विचारतील, तू तुझं बघ. त्याआधी सोमवारी ये. फोन करू नकोस, सोनियाला पाठवू नकोस. माझ्यासमोर बस आणि सांग, सुदामकडून काही घेतलंस की नाही. काय सांगायचं ते सांग, मी मध्ये बोलणार नाही. मी फक्त तुझ्या हाताकडे बघणार आहे.

तुझीच,
कौसाताई