काढून टाकलेलं वाक्य

ठाणे, मंगळवार, ६ मार्च १९५६

मासिकासाठी एका स्पॅनिश दिग्दर्शकावर लेख लिहिला होता. चित्रीकरण चालू असतानाच त्याला सरकारने तुरुंगात टाकलं, हे शेवटचं वाक्य. संपादक म्हणाले, "सिनेमाच्या मासिकात तुरुंग कशाला?" मी ते वाक्य लगेच काढलं. वादसुद्धा घातला नाही. का?

बेचाळीसमध्ये मी स्वतः आठ महिने इथल्याच तुरुंगात होतो. बाहेर कुणीतरी आपलं नाव घेत असेल, एवढ्यावर दिवस काढले. आणि आज ते एक वाक्य...

कुसुमला सांगितलं. ती म्हणाली, "अहो, उद्या जाऊन परत घालायला लावा ना."

"अंक छापायला गेला," मी म्हणालो.

अंक शुक्रवारी जाणार आहे.